मदत हवी आहे : नवी ओळ आली की मुलगा उठून जातो

रानजाई : लवकर सांगा. मुलगा दोन गाणी कीबोर्डवर बिनचूक वाजवतो, पण नवी ओळ घेतली की कानांवर हात ठेवून उठतो. बाई म्हणतात, याच्यापुढे त्याला जमणार नाही. मला पटत नाही.

पायपेटी : वय? निदान? बाई शिकवतात कसं?

रानजाई : नऊ वर्षं, डाउन सिंड्रोम. बाई सूर सांगतात, तो वाजवतो. कसं म्हणजे काय?

मृगसर : फिगरनोट्स बघा. १९९६ मध्ये फिनलंडच्या कार्लो ऊसितालोंनी काढलेली पद्धत. रंग म्हणजे सूर, आकार म्हणजे सप्तक. कागदावर जे चिन्ह, तेच पट्टीवर. माझ्या मुलीला अक्षरं वाचता येत नाहीत, पण यावरून दोन्ही हातांनी वाजवते.

पायपेटी : पट्टीवरच्या खुणा काढून टाकल्या की मूल अडतं. मी आधी कानानेच शिकवते.

मृगसर : काढायच्या कशाला? कुणाचा चष्मा काढून घेतो का आपण?

कोरापाट : कीबोर्ड घेताना जड पट्ट्यांचा घ्या.

रानजाई : कीबोर्ड आहे हो आमच्याकडे!

धूपछाव : कान कधी तपासले होते?

रानजाई : ऐकू येतं त्याला. हाक मारली की वळतो.

धूपछाव : तेवढं पुरत नाही, ताई. डाउन सिंड्रोममध्ये कानाच्या पडद्यामागे पाणी साठण्याचा त्रास बऱ्याच मुलांना होतो. आज नीट ऐकू येतं, उद्या कमी. शिवाय नुसतं ऐकलेलं यांच्या ध्यानात थोडाच वेळ राहतं, पाहिलेलं जास्त. बाई पाचवा सूर सांगेपर्यंत पहिले दोन निसटलेले असतात. त्याला जमत नाही असं नाही, त्याच्यापर्यंत पोचत नाहीये. तोंडाने काही न सांगता दोनच सूर वाजवून दाखवा आणि थांबा. मनात दहा मोजा. माझ्या वर्गात मोठी माणसं मधेच बोलतात आणि तिथेच मूल उठतं.

पायपेटी : मी तेच म्हणत होते.

मृगसर : तुम्ही ‘कानानेच’ म्हणालात.

आंबटगोड : माझ्या भाचीला विल्यम्स सिंड्रोम, म्हणजे जन्मापासूनचा एक जनुकीय विकार आहे. गाणं जीव की प्राण, पण मिक्सर सुरू झाला की रडते. तुमच्याकडे तसं नाही ना?

रानजाई : नाही, मिक्सरचं काही वाटत नाही त्याला. काल मीच न बोलता शेजारी बसले. नव्या ओळीतले तीन सूर वाजवले त्याने, उठला नाही! कानांच्या तपासणीची वेळही घेतली. मृगसर, काळ्या पट्ट्यांना कुठला रंग लावता?

मृगसर : वेगळा रंग नाही. शेजारच्या पांढऱ्या पट्टीचंच चिन्ह, त्यावर बाण.