अ‍ॅबट, प्रायर आणि कार्डिनल

एकाने विचारलंय की अ‍ॅबट (ख्रिस्ती मठाचा प्रमुख) मोठा की बिशप (धर्मप्रांताचा प्रमुख), आणि कार्डिनल झाल्यावर पुन्हा दीक्षा होते का. गोंधळ होतो, कारण दीक्षा आणि पद या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. कॅथलिक चर्चमध्ये दीक्षेच्या पायऱ्या तीनच: डीकन, धर्मगुरू, बिशप. कार्डिनल हे पोपने दिलेलं पद, चौथी पायरी नव्हे. ऐंशीच्या आतले कार्डिनल नवा पोप निवडतात.

अ‍ॅबट मात्र मठातला. शब्दाचं मूळ अरामी 'अब्बा', म्हणजे बाप. सहाव्या शतकातल्या संत बेनेडिक्टच्या नियमानुसार त्याला मठातले संन्यासीच निवडतात आणि त्याच्या हाताखाली प्रायर असतो. डोमिनिकन या दुसऱ्या संन्यासी संघात अ‍ॅबट नसतोच, तिथे मठाचा प्रमुखच प्रायर, तोही ठरावीक मुदतीपुरता. म्हणजे 'प्रायर' एवढंच वाचून हुद्दा कळत नाही, संघ कोणता ते आधी बघावं लागतं. फ्रान्सिस्कन संघाची तऱ्हा मला जास्त आवडते: त्यांचा सर्वोच्च प्रमुख 'मिनिस्टर', लॅटिनमध्ये सेवक. (आपल्याकडे मिनिस्टर म्हटलं की लाल दिवाच आठवतो!) म्हणून सगळ्यांना सरसकट 'मठाधिपती' म्हणणं मला पटत नाही.

आणि नुसत्या मानाच्या पदवीचं उदाहरण हवं असेल तर गोव्यातच आहे. तिथल्या आर्चबिशपना 1886 पासून 'पॅट्रिआर्क ऑफ द ईस्ट इंडीज' म्हणतात. पदवी भारदस्त, पण तिच्यामुळे इतर बिशपांवर हुकूम चालत नाही.