टॅप शिकायला जुने लघुपट पुरेत का?

रीळवेडा: माझं ठाम मत आहे, टॅप म्हणजे बुटांना धातूच्या पट्ट्या लावून पायांनी ताल वाजवायचा नाच, तो शिकणाऱ्याने आधी १९३०च्या दशकातले व्हिटाफोन या अमेरिकन कंपनीचे लघुपट बघावेत, क्लासची फी नंतर भरावी. १९३२चा 'पाय, पाय ब्लॅकबर्ड' घ्या. जॅझ पियानोवादक यूबी ब्लेकचा बँड, समोर टॅप नाचणारे निकोलस बंधू, त्यातला हॅरल्ड जेमतेम ११ वर्षांचा. नाच असा तापतो की शेवटी सगळ्यांचे सांगाडे होतात! हवं तितक्या वेळा मागे न्या, बघा. कुठला गुरू इतकं दाखवील?

तालकरीण: दाखवील, पण चूकही काढील. शफल ही टॅपची एक स्टेप, म्हणजे घोटा सैल सोडून चवडा पुढे-मागे घासणं, हे पडद्यावर दिसतं. अंगाचा भार तेव्हा कुठल्या पायावर आहे, ते दिसत नाही. आणि आवाजाचं काय? सिनेमात टॅपचा आवाज बरेचदा नंतर भरायचे. नटी जिंजर रॉजर्सचे टॅप नृत्यदिग्दर्शक हर्मीस पॅन वाजवायचा. पाय एकाचे, ठेका दुसऱ्याचा.

रीळवेडा: ते मोठ्या सिनेमांचे लाड हो. आणि निकोलस बंधू तरी कुठल्या क्लासला गेले? आईवडील फिलाडेल्फियाच्या स्टँडर्ड थिएटरात वाजवायचे, आई पियानोवर, वडील ड्रमवर. थोरला फेयार्ड तिथे बसून बघायचा. बघून शिकला आणि धाकट्याला शिकवलं.

तालकरीण: म्हणजे धाकट्याला गुरू होताच की! शिवाय फेयार्डने बघितली ती जिवंत माणसं, पुन्हा पुन्हा.

मधलीआळी: तुम्ही दोघं मूळ गोष्ट सोडताय. बडी ब्रॅडली या कृष्णवर्णीय नृत्यदिग्दर्शकाने न्यूयॉर्कमध्ये ब्रॉडवेच्या नाटकांतल्या गोऱ्या ताऱ्यांना नाच बसवून दिले, श्रेय दुसऱ्यांनी घेतलं. शेवटी तो लंडनला गेला. १९३५च्या 'द लिटल कर्नल' सिनेमात कृष्णवर्णीय टॅप नर्तक बिल रॉबिन्सन गोऱ्या बालतारका शर्ली टेम्पलला जिन्यावर नाच शिकवतो, पण नोकर म्हणून. (हा लघुपट नाही, माहीत आहे, वाद नको.) तेव्हाच्या फिल्मवर स्टेप राहिली, शिकवणारा कृष्णवर्णीय माणूस एकतर गायब, नाहीतर गणवेशात. नुसतं फिल्म बघून शिका म्हणणं मला खटकतं ते यासाठी.

रीळवेडा: मान्य. पण फिल्म नसती तर रॉबिन्सनचे पाय आज आपल्याला दिसले असते का? १९३४चा त्याचा लघुपट 'किंग फॉर अ डे' डोळे मिटून नुसता ऐका.

तालकरीण: ऐकते. तुम्ही मात्र न बघता सांगा, कुठे टाच आहे नि कुठे चवडा. बरोबर आलं तर तुमची फी मी भरते.