मदत हवी आहे : जुन्या वाड्यात आग लागली तर आईबाबांनी काय करावं?

नमस्कार मंडळी. आईबाबा बडोद्यात, दांडिया बाजारजवळच्या जुन्या वाड्यात दुसऱ्या मजल्यावर राहतात. लाकडी जिना एकच, तोही अरुंद. परवा शेजारी कढईतल्या तेलानं पेट घेतला. घाबरून कोणीतरी पाणी ओतलं आणि ज्वाळा पार छतापर्यंत गेल्या. कोणाला इजा झाली नाही, पण माझ्या जिवाला घोर लागलाय.

मूळ गोष्टी दोघांना सांगितल्यात. गॅस बंद, कढईवर झाकण, तेलावर पाणी कधीच नाही. विजेची आग असेल तर आधी मेन स्विच. आटोक्याबाहेर वाटली की सामान सोडून बाहेर, जाताना दार ओढून घ्यायचं, मग १०१ किंवा ११२.

पण जिन्यातच धूर भरला तर? बाबांचे गुडघे दुखतात, गॅलरीतून उतरणं शक्यच नाही. दार लावून, फटीत ओले टॉवेल कोंबून, रस्त्याकडच्या गॅलरीत थांबून हाका मारणं हेच बरोबर ना?

शिवाय आग विझवायचं एबीसी पावडरचं सिलिंडर सत्तरीतल्या माणसाला पेलेल असं किती किलोचं घ्यावं? बडोद्यात वयस्कर लोकांना ते प्रत्यक्ष चालवून दाखवणारं कोणी असेल तर कृपया कळवा.