शाळेच्या दाखल्यावर १ जून, जन्म दाखल्यावर १४ ऑगस्ट. नववीत दुरुस्ती कशी होईल?

होटगीरोडकर :
भाची सोलापुरात अनुदानित हायस्कूलला नववीत आहे. चौथीपर्यंत मोहोळ तालुक्यातल्या जिल्हा परिषद शाळेत होती. तिथल्या दाखल्यावर १ जून २०११, तीच तारीख हायस्कूलनं चढवली. ग्रामपंचायतीच्या जन्म दाखल्यावर १४ ऑगस्ट २०११ आहे. आधारवरही १ जूनच. हायस्कूलचे क्लार्क म्हणतात, आधी मोहोळला जा. अर्ज मी करू का? गॅझेट केलं (राजपत्रात तारखेचा बदल छापून घेतला) तर लवकर होईल का?

शाईपेन :
क्लार्कचं बरोबर आहे. चूक ज्या रजिस्टरात पहिल्यांदा पडली, तिथंच आधी निघते. हायस्कूलची नोंद ही मागच्या दाखल्याची नक्कल. मूळ उतारा १ जूनच सांगत असेल तर हायस्कूलचा प्रस्ताव त्रुटी काढून परत येतो.

झेडपी शाळेत पहिलीचा प्रवेश अर्ज काढायला सांगा. अर्जावर १४ ऑगस्ट आणि रजिस्टरात १ जून असेल तर ती लिहिणाऱ्याची उघड चूक, काम सोपं. (१ जून ही आपल्याकडं निम्म्या वर्गाची जन्मतारीख असते, कार्यालयालाही ते ठाऊक आहे.) अर्जावरच १ जून आणि खाली पालकाची सही असेल, तर जन्म दाखल्यावरची नोंदणीची तारीख बघतात. नोंद २१ दिवसांच्या मुदतीत झालेली असेल तर दाखला भक्कम. शाळाप्रवेशानंतर उशिरा नोंदवलेला असेल तर शंका घेणारच. मग दवाखान्याची नोंद, लसीकरण कार्ड, अंगणवाडीचं रजिस्टर असं त्या काळातलं काहीतरी जोडा.

अर्ज आई किंवा वडिलांच्या सहीनं द्या, मामाच्या नको. मुख्याध्यापकांचं शिफारसपत्र, जनरल रजिस्टरचा (शाळेतली प्रवेशाची मूळ नोंदवही) साक्षांकित उतारा, प्रवेश अर्ज, जन्म दाखला आणि प्रतिज्ञापत्र असा प्रस्ताव पंचायत समितीच्या शिक्षण विभागामार्फत जातो. आदेश येईपर्यंत रजिस्टरला कुणी हात लावू नये. आल्यावर जुनी तारीख वाचता येईल अशी लाल शाईची एकच रेघ, वर नवी तारीख अंकी आणि अक्षरी, शेऱ्यात आदेश क्रमांक व दिनांक, सही-शिक्का. व्हाइटनर लावलेलं पान पुढं जात पडताळणीत नडतं.

जुळेसोलापूर :
मोहोळचा आदेश आणि दुरुस्त दाखला मिळाला की हायस्कूलचा प्रस्ताव शिक्षणाधिकारी (माध्यमिक), सोलापूर यांच्याकडं. माध्यमिक शाळा संहितेचा नियम २६.४ लागतो. मुलगी शाळेत आहे तोवरच हे सरळ होतं. शाळा सोडल्यावर फक्त उघड चुकीपुरती वाट उरते.

गॅझेटच्या नादी लागू नका. ती जाहिरात असते, खरेपणाची हमी शासन घेत नाही आणि रजिस्टरही त्यानं बदलत नाही.

आधार पुरावा म्हणून पुढं करू नका, तो ओळखीचा कागद. मात्र जन्म दाखल्यावरून तो दुरुस्त करून घ्या. जन्मतारीख सहसा एकदाच बदलून मिळते, म्हणून केंद्रावर पावती नीट वाचा. मग शाळेकडून यू-डायस प्लसवर (शाळा-विद्यार्थ्यांच्या माहितीचं सरकारी पोर्टल) बदल. दहावीचा फॉर्म तिथल्या पेन-आयडीवरून (विद्यार्थ्याचा कायम क्रमांक) भरतात, तिथं जुनी तारीख राहिली तर बोर्डाच्या प्रमाणपत्रावर तीच छापून येईल. नंतर पुणे विभागीय मंडळाचे हेलपाटे. सगळं नववीतच उरका.

होटगीरोडकर :
जन्म दाखल्यावर नावाचा रकाना कोरा आहे, आई-वडिलांचीच नावं आहेत. चालेल का?

शाईपेन :
नाही, तो कागद हिचाच हे त्यावरून ठरत नाही. सगळ्यात आधी ते काम. नोंदणीपासून १५ वर्षांच्या आत विलंब शुल्क भरून नाव घालता येतं, म्हणजे नोंद ऑगस्ट २०११ मध्येच झाली असेल तर मुदत ऑगस्ट २०२६ पर्यंतच. आई-वडिलांचा अर्ज ग्रामपंचायत अधिकाऱ्याकडं (पूर्वीचे ग्रामसेवक) द्या. सोबत शाळेचा दाखला मागितला तर तारखेचा फरक अर्जातच लिहून टाका, नाहीतर तिथंच अडेल. भावंडांचे जन्म दाखलेही जोडा. कोरी नोंद त्यांच्यापैकी कुणाची नाही हे त्यावरून दिसतं.