कुळागरात हिरवा चापडा चार दिवस एकाच जागी, आणि पाचोळ्यात एक छोटा तपकिरी: काय करावं?

मिरवेल (सत्तरी)

नमस्कार. आमचं कुळागर, म्हणजे पोफळीची बाग, गोव्यात वाळपईपासून आत, व्हाळाला (ओढ्याला) लागून आहे. पोफळी, मिरी, केळी, थोडी जायफळं. सध्या कोळेरोगाची (सुपारी कुजण्याच्या रोगाची) फवारणी चालू आहे, त्यामुळे रोज माणसं येतात.

गेल्या सोमवारी पाटाजवळच्या एका पोफळीवर, मिरवेलीच्या पानांत एक हिरवा साप दिसला. साधारण माझ्या छातीच्या उंचीवर. पाठीवर काळपट तुटक पट्टे, कुशीला पिवळसर ठिपक्यांची ओळ. डोकं मोठं, मान बारीक. आज शुक्रवार, तो अजून तिथेच आहे. शेपूट वेलीला गुंडाळलेली, डोकं खाली वाकवलेलं. हललाच नाही म्हटलं तरी चालेल. फवारणीवाले त्या ओळीत जायला तयार नाहीत. एक जण म्हणाला, काठी द्या, एका फटक्यात संपवतो. मी नको म्हटलं, पण बाबांचंही मत तेच आहे, आणि कुळागर त्यांचं आहे.

दुसरी गोष्ट. काल आई फणसाखाली विरी (पोफळीच्या झावळीचं गळून पडलेलं रुंद बूड) गोळा करत होती. एक विरी उचलली तर खाली पाचोळ्यात वीतभरापेक्षा जरा मोठा, जाडसर तपकिरी साप वेटोळं करून बसलेला. आईने विरी टाकली आणि मागे आली. बाबा म्हणाले, फुरसं. मला शंका आहे, कारण फुरसं मी वरच्या सड्यावर कातळात पाहिलंय, इतक्या ओलाव्यात कधी नाही.

हे दोन्ही चापडेच का? किती विषारी? आणि त्या हिरव्याचं काय करू?

---

सत्तरीकर

ताई, आधी ती काठी लपवून ठेवा. बाकीचं सविस्तर सांगतो. मी वीसेक वर्षं या भागात घरांतून, कुळागरांतून साप सोडवून रानात सोडतोय, आणि तुमच्या दोन सापांपैकी तुम्ही ज्याची काळजी करताय तो चुकीचा आहे.

हिरवा: पाठीवर तुटक काळे पट्टे, कुशीला पिवळे ठिपके, व्हाळाच्या काठी, पावसात. हा मलबारी चापडा. फक्त सह्याद्रीत सापडतो, जगात दुसरीकडे कुठेच नाही. रंगावर जाऊ नका, कारण तो हिरवा असतो, तपकिरी असतो, पिवळा असतो, नारिंगीसुद्धा असतो. म्हादईच्या रानात एकाच व्हाळावर एका रात्रीत मी हिरवा आणि मातकट असे दोन पाहिलेत, मधे पन्नास पावलंही अंतर नव्हतं. शेवाळलेल्या दगडावर बसला तर पाय पडेपर्यंत दिसत नाही.

चार दिवस एकाच जागी बसणं हेच त्याचं काम. तो भक्ष्याच्या मागे धावत नाही. बेडूक, पाल, उंदीर ज्या वाटेने येतात तिथे डोकं खाली करून थांबतो. तुमच्या पाटावर बेडूक भरपूर असणार. आठ-दहा दिवस तिथेच राहिला तरी आश्चर्य वाटून घेऊ नका.

त्याच्यासारखा अजून एक हिरवा आपल्याकडे आहे, बांबू चापडा. अंगाने सडपातळ, एकसारखा हिरवा, कुशीला फिकट रेघ, बांबूच्या बेटांत जास्त. दोघांचीही शेपूट फांदीला पकड घेते. दोघंही अंडी घालत नाहीत, पिल्लांनाच जन्म देतात. चावले तर सूज आणि वेदना भरपूर, हात कोपरापर्यंत सुजलेला मी पाहिलाय. पण या दोघांमुळे माणूस दगावल्याचं माझ्या पाहण्यात नाही. अर्थात, चावल्यावर घरी बसायचं नाही, इस्पितळात जायचंच.

आता चापडा म्हणजे काय ते नीट पाहा, कारण पुढची सगळी गोष्ट त्यावर आहे. डोळा आणि नाकपुडी यांच्या मधोमध प्रत्येक बाजूला एक खळगा असतो. नाकपुडीपेक्षा मोठा, पहिल्यांदा पाहणाऱ्याला दुसरी नाकपुडीच वाटते. त्या खळग्यात पातळ पडदा ताणलेला असतो आणि पडद्यात मज्जातंतूंचं जाळं. समोरून गरम रक्ताचा उंदीर गेला की त्याची ऊब त्या पडद्यावर पडते. अंशाच्या हजाराव्या भागांइतका फरक त्याला कळतो. काळोख्या रात्री डोळे मिटलेले असते तरी त्याने नेम धरला असता. २०१० मध्ये शास्त्रज्ञांनी ती ऊब ओळखणारं प्रथिनही शोधून काढलं, आपल्या अंगात तेच प्रथिन मोहरीचा झणका जाणवून देतं. अमेरिकेतले खुळखुळे साप याच कुळातले, आणि हिमालयात बर्फाच्या जवळ राहणाराही एक आहे. अजगरालाही असे खळगे असतात, पण ओठांवर.

घोणस आणि फुरसं यांना हा खळगा नसतो. हे लक्षात ठेवा.

आता तुमचा तपकिरी. ओलावा, सावली, फणसाखालचा पाचोळा, वीतभराहून थोडा मोठा, जाड अंग. ताई, मला तो फुरसं वाटत नाही. तो तिसरा चापडा आहे, नाक वर उचललेला. इंग्रजी नाव हंप-नोज्ड पिट वायपर. फूट-दीड फुटाच्या वर सहसा जात नाही. रंग सुकल्या पानाचाच. पिल्लांच्या शेपटीचं टोक मात्र पिवळट-तांबूस असतं, ते अळीसारखं हलवून तो सरडे-बेडूक जवळ बोलावतो.

आपल्याकडे याला सर्रास फुरसं म्हणतात. माझ्या घरात याची किंमत मोजली आहे, म्हणून सांगतो.

माझी काकू, १२ वर्षांपूर्वी, पाऊस सरता सरता संध्याकाळी कुळागरात सुपाऱ्या वेचत होती. उजव्या हाताच्या मधल्या बोटाला चावला. शेजाऱ्याने साप मारला, म्हणाला फुरसं. काकांनी तो प्लास्टिकच्या पिशवीत घातला आणि बरोबर नेला, ही त्यांनी केलेली सगळ्यात शहाणपणाची गोष्ट. पण तिथे पिशवी कोणी उघडली नाही. फुरसं म्हटलं की फुरशाचं औषध. एकामागून एक कुप्या गेल्या. अंगावर गांधी उठल्या, थंडी भरून आली, दात वाजायला लागले. तरी रक्त गोठेना, जिथे सुई टोचली तिथून झिरपत राहिलं.

मी दुसऱ्या दिवशी पोचलो. काकांनी पिशवी खाटेखाली ठेवली होती, वास सुटला होता. मी खिडकीशी जाऊन उघडली. डोकं ठेचलेलं होतं, पण अर्धवट. नाकाचं टोक वर वळलेलं, बोटाने चाचपलं तर टोचेल असं. डोळ्यापुढे खळगा. डोक्यावर मोठे खवले, ठसे मारल्यासारखे. फुरशाच्या डोक्यावर बारीक करवती खवले आणि बाणासारखी खूण असते. तिथल्या तिथे पोटात गोळा आला, कारण मला तेव्हा ठाऊक होतं: आपल्या देशात जी प्रतिविषाची लस मिळते ती नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चार सापांच्या विषापासून बनवतात. चापड्याचं विष त्यात नाही. काकूला त्रास औषधाचाही झाला आणि उपयोग झाला नाही.

तिसऱ्या दिवशी लघवी कमी झाली. मोठ्या इस्पितळात हलवली, रक्त शुद्ध करण्याच्या यंत्रावर अकरा दिवस. वाचली. बोट अजून वाकत नाही.

म्हणून सांगतो. हिरवा दिसतो, म्हणून माणसं त्याला घाबरून मारतात. पाचोळ्यातला दिसत नाही, आणि दिसला तर त्याचं नाव चुकतं. तुमच्या कुळागरात सांभाळायचं ते पाचोळ्याला.

हिरव्याच्या वेलीला लाल फडकं बांधा आणि त्या पोफळीची फवारणी शेवटी ठेवा. दोन हातांच्या पलीकडून काम करा, तो झेप घेऊन पाठलाग करणारा साप नाही. उचलून दूर टाकू नका, अनोळखी जागेत त्याचा निभाव लागेलच असं नाही, आणि तुम्ही पकडायला गेलात तर तो चावेल. विरी आणि सुपारी हाताने उचलू नका, आधी काठीने उलटा. गुडघ्यापर्यंतचे गमबूट घाला. संध्याकाळनंतर बॅटरीशिवाय कुळागरात पाऊल नको.

---

मिरवेल

दादा, काकूंची गोष्ट वाचून आईलाच वाचून दाखवली. ती काही बोलली नाही, उठून कोपऱ्यातली काठी घेऊन बाहेर दारात ठेवली.

एक विचारू? चावलाच, आणि साप पाहिला पण ओळखता आला नाही, तर डॉक्टरांना काय सांगायचं? "चापडा आहे, लस देऊ नका" असं आम्ही सांगणं बरोबर दिसेल का?

---

रात्रपाळी (फोंडा)

ताई, मी इस्पितळात परिचारिका आहे, याचं उत्तर मी देते. असं सांगू नका. "लस देऊ नका" हे रुग्णाच्या माणसाने म्हणायचं नसतं. अंधारात तपकिरी साप दिसला तर तो खरोखर फुरसं किंवा घोणसही असू शकतो, आणि त्या चाव्यात लसच जीव वाचवते. रक्त गोठत नसेल आणि साप नक्की माहीत नसेल, तर डॉक्टर लस देतील आणि ते योग्यच आहे.

तुम्ही एवढंच करा. लांबून फोटो मिळाला तर काढा, त्यासाठी सापाच्या जवळ जाऊ नका, तो मारून आणण्याची तर अजिबात गरज नाही. मग डॉक्टरांना सांगा: "ओलसर पाचोळ्यात होता, नाक वर उचललेलं होतं, चापडा असू शकेल." हे एक वाक्य पुरे. त्याने डॉक्टरांच्या मनात दुसरी शक्यता जागी राहते.

तिथे साध्या काचेच्या नळीत थोडं रक्त घेऊन २० मिनिटं न हलवता ठेवतात आणि मग तिरकं करून बघतात. गोठलं नाही तर विष रक्तात काम करतंय. हे पुन्हापुन्हा करावं लागतं. या चापड्यात त्रास उशिरा दिसू शकतो, म्हणून पहिल्या दिवशी बरं वाटलं तरी घरी न्यायची घाई करू नका. लघवी किती होते ते घरच्यांनीही लिहून ठेवा, मूत्रपिंडाची तपासणी विचारा. सत्तरीकरांच्या काकूंचं जे झालं, ते तिसऱ्या दिवशी दिसलं, हे लक्षात घ्या.

वाटेत: हात किंवा पाय हलवू द्यायचा नाही, फळी लावून सैल बांधा. अंगठी, बांगड्या लगेच काढा, सूज आल्यावर निघत नाहीत. दोरीने आवळून बांधणं, कापणं, तोंडाने ओढणं, कोणत्याही झाडाचा पाला लावणं, यातलं काहीही नको. १०८ ला फोन करा आणि आडरस्त्याने आत असाल तर गाडीची वाट बघत बसू नका, गाडी वाटेत भेटेल असं ठरवून निघा.

---

सत्तरीकर

परिचारिका ताईंनी बरोबर सुधारलं. माझ्या लिहिण्यातून "लस घेऊ नका" असा अर्थ निघाला असेल तर तो घेऊ नका. मला फक्त पिशवी उघडून बघा, एवढंच म्हणायचं होतं.

---

मिरवेल

दहा दिवसांनी परत लिहितेय. हिरवा अकराव्या दिवशी गेला. आदल्या संध्याकाळी पाऊस थांबला होता, तेव्हा त्याच्या तोंडात बेडकाचे मागचे पाय दिसत होते, सगळ्या माणसांनी थांबून बघितलं. बाबाही. तो माणूस, ज्याने काठी मागितली होती, तोच फडक्याजवळ उभा राहून इतरांना "पलीकडून जा" म्हणत होता.

तपकिरी परवा पुन्हा तिथेच सापडला, फणसाखाली. मी बॅटरीने फोटो काढला, पाच-सहा फुटांवरून, मोठा करून बघितला. नाक खरंच वर वळलेलं आहे, आणि डोळ्यापुढे तो खळगा दिसतो. बाबांना दाखवला. ते बराच वेळ बघत राहिले, मग म्हणाले, म्हणजे इतकी वर्षं आपण फुरसं म्हणून जे मारले, त्यातले किती हे असतील.

फणसाखालच्या विरी आता आई लांब काठीच्या टोकाला वाकवलेला खिळा लावून ओढते. गमबूट तीन जोड आणलेत, बाबांच्या पायाला एक नंबर लहान पडलाय, बदलून आणायचाय.