नॅपकिनच्या युनिटला जोडून सॅनिटरी पॅडचं मशीन टाकावं का?

कुपवाडची_ताई
नमस्कार मंडळी. कुपवाड एमआयडीसीत आमचं पेपर नॅपकिनचं छोटं युनिट आहे. टिश्यू कागदाचे मोठे जंबो रोल आणायचे, एम्बॉस म्हणजे उठावाची नक्षी दाबून, घडी घालून कापायचे, पाकिटं भरायची. गिऱ्हाईक म्हणजे सांगली-मिरजेतली हॉटेलं, कराडकडचे हायवेवरचे ढाबे, लग्नसराईत केटरर. माल खपतो, पण पाकिटामागं सुटतात चार आणे आणि उधारी तीन-तीन महिने. मशीनवाला म्हणतोय पॅडमध्ये उतरा, जीएसटी शून्य आहे. धाकटे दीर एका पायावर तयार आहेत, मला धाकधूक वाटते. धंद्यातलं कुणी सांगेल का?

मिरजेचा_सर्जिकलवाला
ताई, मशीनवाल्यानं अर्धंच सांगितलं. पॅडवर जुलै २०१८ पासून जीएसटी नाही हे खरं. पण माल करमाफ, म्हणून पल्प (लाकडाचा लगदा), ओल शोषणारं जेल, प्लास्टिक फिल्म, अगदी मशीनवर भरलेल्या कराचंही क्रेडिट, म्हणजे विक्रीवरच्या करातून वजावट, मिळत नाही. तो सगळा तुमच्या अंगावर.

शिवाय गिऱ्हाईक आता कोरं राहिलेलं नाही. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत १५ ते २४ वयातल्या, पाळीत स्वच्छ साधनं वापरणाऱ्या २०१५-१६ ला ५८ टक्के होत्या, २०१९-२१ ला ७८. पोरी दुकानात ब्रँडचं नाव घेऊनच मागतात. तुमचं पाकीट खालच्या फळीवर जाणार, आणि पैसे विकलं तर.

मी असतो तर अंडरपॅड, म्हणजे पेशंटच्या खाली गादीवर अंथरायचे ओल शोषणारे पॅड, केले असते. मिरजेत दवाखाने किती, कर्नाटकातनं पेशंट येतात. तिथं ब्रँड कुणी विचारत नाही. परवा माझ्यासमोर एका सिस्टरनी सँपलवर ग्लासभर पाणी ओतलं, दोन मिनिटांनी तळहात दाबून बघितला. हात ओला झाला, सँपल परत! एवढीच परीक्षा. पुढं मोठ्यांचे डायपर. त्यांवर सप्टेंबर २०२५ मध्ये जीएसटी १२ वरून ५ टक्के झाला, आणि कर लागतो म्हणून क्रेडिटही मिळतं. पण ते मशीन महाग, घाई नको. अंडरपॅडचा जीएसटीचा दर सीएला विचारा.

सातारकर_७७
सर्जिकलवाल्या दादांचं पटतंय, पण हातातला धंदा कशाला हलका लेखायचा? टिश्यूची गाडी वजनानं नाही, जागेनं भरते. लांबून आणणाऱ्याचा नफा भाड्यातच जातो, त्यामुळं आपल्या दोन जिल्ह्यांत ताईंना तोड नाही. महाबळेश्वर-पाचगणीच्या हॉटेलांना नॅपकिन, टॉयलेट रोल, हात पुसायचे टॉवेल सगळं एकाकडूनच हवं असतं. तेवढं वाढवा. फक्त वर्षभराचा दर बांधून देऊ नका. पल्प बाहेरून येतो, डॉलर हलला की जंबोचा भाव हलतो. आणि पावसाळ्यात तिकडं शुकशुकाट असतो, पैसे मे महिन्यातच वसूल करा.

कुपवाडची_ताई
दोघांचंही दिरांना वाचून दाखवलं. क्रेडिटचं ऐकून गप्प झाले, आता मशीनवाल्याला फोन लावतायत. दादा, दवाखान्यात अंडरपॅड कुठल्या मापाचे जास्त जातात?

मिरजेचा_सर्जिकलवाला
साठ बाय नव्वद सेंटीमीटर. आधी बाहेरून दोन-तीन पेट्या घेऊन विकून बघा, मशीन नंतर.