मदत हवी आहे: गौताळा अभयारण्याचा कडा ड्रोनमधून सपाट का दिसायलाय?

दगडवाट
कड्यासमोर उभं राहिलं की छाती दडपते, पण व्हिडिओत सगळं नकाशासारखं सपाट. कॅमेरा वळवला की चित्र झटके खातं. १२० मीटरवर नेलं तरी तेच. रविवारी परत चाललोय, लवकर सांगा.

सातमाळकर
शॉट कोणत्या महिन्यातले, किती वाजता? ड्रोन कोणता, शटरचा वेग किती? परवानगी आहे का? अभयारण्य आहे ते.

दगडवाट
डिसेंबर, दुपारी १२. २४९ ग्रॅमवाला, लेन्सचं छिद्र एफ २.८. शटर ऑटो. वन्यजीव विभागाचं पत्र आहे, ते सोडा.

बालाघाटी
ऑटो शटरनंच घात केलाय. सेकंदाला २५ फ्रेम असतील तर शटर १/५० सेकंद धर, आयएसओ (सेन्सरची संवेदनशीलता) १००, भर उन्हात एनडी ६४ (लेन्सवर लावायची, उजेड कमी करणारी काच). वळताना एखादं झाड चौकटीच्या या कडेहून त्या कडेला जायला ७ सेकंद तरी लागू दे.

सातमाळकर
त्यानं झटके जातील, सपाटपणा नाही. हा कडा खानदेशाकडं, म्हणजे उत्तरेकडं तोंड करून आहे. डिसेंबरात सूर्य दक्षिणेला, कडा दिवसभर सावलीत. आत्ता ऑगस्टअखेर सूर्य पूर्वेच्या किंचित उत्तरेला उगवतो. पहिला दीड तास ऊन कड्याला घासून जातं आणि बेसाल्टचे आडवे थर पायऱ्यांसारखे उठून दिसतात. उंची मात्र सोड. झाडांच्या शेंड्यांवर १५ मीटर, कॅमेरा १० अंश खाली, वेग सेकंदाला ३ मीटर. जवळचं झाड सरकलं की मागच्या दरीची खोली कळते.

बालाघाटी
१५ मीटर? या ड्रोनला समोर सेन्सर नसतो हो! फांदीत गेला तर काढणार कोण?

सातमाळकर
मग आधी त्याच रेषेवर ४० मीटरवरून फेरी मार, सगळ्यात उंच झाड बघून ठेव.

उत्तरवारा
वाऱ्याचं कुणी बोलेना. पावसाळ्यात वारा नैर्ऋत्येचा, म्हणजे उत्तरेचा कडा आडोशाला. तिथं हवा गरगरत खाली येते, ड्रोन दाबला जातो. भिंतीपासून ३० मीटर लांब राहा. ड्रोन कड्याच्या धारेखाली उतरला की सिग्नल तुटतो, म्हणून ड्रोन नजरेत राहील असं उभं राहा. आणि उड्डाण खडकावरून नको, बेसाल्टमधल्या लोहखनिजानं कंपास बिघडतो.

एडिटवाला
लॅपटॉपला १६ जीबी रॅम आहे का? ४के अडकतं नाहीतर.

दगडवाट
लॅपटॉपचं विचारलंच नाही. एनडी ६४ नाही, १६ आणि ३२ आहेत. कोणता?

बालाघाटी
कोवळ्या उन्हात १६ लाव. ३२ नं चित्र काळं पडेल.